एकोणचाळीस मिनिटं आणि एक भोंगा

दोन वर्षांपूर्वी ऑफिसात एक बग माझ्या गळ्यात पडला. जुन्या नोंदवह्या डिजिटल करून देणारा एक क्लायंट होता. त्यांच्या वहीत १९०५ सालातली मुंबईतली एक जन्मनोंद होती, वेळ सकाळी साडेसहा. ती स्क्रीनवर मात्र ६ वाजून २१ मिनिटं १० सेकंद अशी दिसत होती. जवळजवळ नऊ मिनिटं कुठेतरी गळत होती. टेस्टिंगवाल्यांनी तिकीट उघडलं, शेजारच्यांनी 'टाइमझोन' असं म्हणून हात वर केले आणि ते काम माझ्याकडे आलं.

कारण तासाभरात सापडलं. जगातल्या बहुतेक फोनमध्ये आणि सर्व्हरमध्ये वेळेचा एकच कोश वापरतात. कुठल्या प्रदेशात कुठल्या तारखेला घड्याळं किती पुढे-मागे होती, हे त्यात लिहिलेलं असतं. भारतासाठी त्यात एकच नोंद आहे, 'आशिया/कोलकाता'. त्या नोंदीनुसार १ जानेवारी १९०६ च्या आधी भारतात मद्रासची वेळ चालत होती, म्हणजे ग्रिनिचच्या ५ तास २१ मिनिटं १० सेकंद पुढे. आमच्या प्रोग्राममधला एक भाग सगळीकडे साडेपाच तास धरत होता आणि दुसरा भाग कोशाचं ऐकत होता. दोघांच्या भांडणात ते बाळ नऊ मिनिटं आधी जन्माला आलं होतं.

मी दोन्ही भाग कोशाप्रमाणे करून तिकीट बंद करू शकले असते. पण एक शंका राहिली. १९०५ साली मुंबईतल्या घरात जे घड्याळ असेल, ते मद्रासची वेळ कशाला दाखवेल?

नव्हतंच दाखवत. मुंबईची स्वतःची वेळ होती, ग्रिनिचच्या ४ तास ५१ मिनिटं पुढे. म्हणजे कोशावर विसंबलं, तरी अर्ध्या तासाची चूक उरतेच. आपल्या सगळ्यांच्या खिशात जे घड्याळ आहे, त्याला मुंबईची वेळ ठाऊकच नाही.

हे वाचत मी ज्या खुर्चीत बसले होते, ती लोअर परळमधल्या एका गिरणीच्या आवारात आहे. काच, एसी, खाली कॉफी, आणि खिडकीतून दिसणारी एक चिमणी. माझे आजोबा इथून चालत वीस मिनिटांवरच्या दुसऱ्या गिरणीत सांचेखात्यात होते. त्यामुळे हा बग मला सोडेना.

वेळ म्हणजे सूर्य

हिशोब शाळेतलाच आहे. पृथ्वी २४ तासांत ३६० अंश फिरते, म्हणजे एका अंशाला चार मिनिटं. मुंबई साधारण ७२.८ अंश पूर्व रेखांशावर आहे. गुणाकार केला की २९१ मिनिटं येतात, म्हणजे ४ तास ५१ मिनिटं. सूर्य डोक्यावर आला की मुंबईत बारा वाजणार, इतकी ही सरळ वेळ होती. भारताची प्रमाणवेळ ८२.५ अंशांवर धरलेली आहे, म्हणजे ३३० मिनिटं. दोन्हींतला फरक ३९ मिनिटांचा.

रेल्वे येईपर्यंत प्रत्येक गावाची वेळ वेगळी असण्यानं कुणाचं काही अडत नव्हतं. गाडीचं वेळापत्रक करायचं, तर मात्र सगळ्या स्टेशनांवर एकच घड्याळ हवं. मुंबई आणि कलकत्ता यांच्या साधारण मधली म्हणून रेल्वेनं मद्रासची वेळ धरली. मग १८८१ मध्ये गव्हर्नर जेम्स फर्ग्युसन यांनी मुंबई शहरालाच मद्रासची वेळ लावायचा हुकूम काढला. शहर ऐकेना. शेवटी दोन वर्षांत सरकारला पाऊल मागे घ्यावं लागलं.

अर्ध्या तासासाठी एवढं काय, असं आपल्याला वाटतं. पण घड्याळात किती वाजले आणि आकाशात किती वाजले, यांत तोवर फरकच नव्हता. सरकार पहिल्यांदाच सांगत होतं की आकाश चुकतंय.

साडेसहा ते सूर्यास्त

मुंबईत कावसजी नानाभाई दावर यांची पहिली कापडगिरणी १८५४ मध्ये उभी राहू लागली आणि १८५६ मध्ये ताडदेवला सुरू झाली. पुढच्या तीस वर्षांत परळ, लालबाग, भायखळा या भागात चिमण्यांची रांग लागली. रत्नागिरी, सातारा, पुणे जिल्ह्यांतून माणसं आली. शेतात सूर्य बघून काम करणारी माणसं इथे यंत्रापुढे उभी राहिली.

१८८४ मध्ये नारायण मेघाजी लोखंडे यांनी या कामगारांच्या सभा घेतल्या आणि मागण्यांचा अर्ज केला. त्यावर साडेपाच हजार कामगारांच्या सह्या होत्या. लोखंडे हे जोतीराव फुल्यांचे सहकारी आणि 'दीनबंधु'चे संपादक. अर्जातल्या मागण्या अशा : रविवारी सुट्टी, दुपारी अर्धा तास जेवणाची सुट्टी, महिन्याच्या पंधरा तारखेच्या आत पगार, अपघात झाला तर भरपाई. आणि एक कामाच्या वेळेची, की काम सकाळी साडेसहाला सुरू व्हावं आणि सूर्यास्ताला थांबावं.

ही शेवटची मागणी मी तीनदा वाचली. कामाची सुरुवात घड्याळानं आणि शेवट सूर्यानं. कामगार अर्धा कारखान्याच्या वेळेत आला होता आणि अर्धा अजून शेतातच होता. आज आपण 'नऊ ते सहा' म्हणतो, तेव्हा दोन्ही टोकं घड्याळाची असतात. या अर्जात ती गाठ अजून पक्की बसलेली नाही.

रविवारच्या सुट्टीसाठी आणखी सहा वर्षं लागली. १० जून १८९० ला गिरणीमालकांनी ती मान्य केली. तुम्ही-मी रविवारी उशिरापर्यंत लोळतो, त्याची तारीख ही आहे.

ते एकोणचाळीस मिनिटं

आता १९०६ कडे येऊ. १ जानेवारीपासून नवी प्रमाणवेळ लागू झाली. घड्याळं मुंबईच्या वेळेपेक्षा ३९ मिनिटं पुढे गेली. त्याच आठवड्यात जेकब ससून मिलच्या हजारो कामगारांनी साचे चालवायला नकार दिला आणि गिरणीवर दगडफेक केली. शहरात या वेळेविरुद्ध जो अर्ज फिरला, त्यावर पंधरा हजारांहून जास्त सह्या झाल्या.

कामगार का भडकले, ते लोखंड्यांच्या साडेसहापासून मोजू. जानेवारीच्या पहिल्या आठवड्यात मुंबईत आजच्या घड्याळानं सूर्योदय होतो ७ वाजून १२ मिनिटांच्या आसपास. मुंबईच्या जुन्या वेळेनं ते झाले ६ वाजून ३३ मिनिटं. म्हणजे साडेसहाला काम सुरू, याचा अर्थ ऐन थंडीतही उजाडताना काम सुरू. तोच काटा ३९ मिनिटं पुढे केला, की साडेसहाला मिट्ट काळोख. चाळीतून निघायचं ते आणखी आधी, आणि बायकांनी चूल पेटवायची ती त्याहून आधी. आकडा तोच, पण झोपेतले चाळीस मिनिट गेले.

आणि शेवट? तो तर आधीच हातातून गेला होता. त्याच सुमारास गिरण्यांत विजेचे दिवे आले. दिवे नव्हते तेव्हा सूर्य मावळला की साचे थांबवावेच लागत. दिवे आल्यावर कामाचा दिवस काही गिरण्यांत चौदा-पंधरा तासांवर गेला. म्हणजे थोड्याच काळात कामगारांच्या दिवसाची दोन्ही टोकं ओढली गेली, संध्याकाळचं दिव्यानं आणि सकाळचं प्रमाणवेळेनं. कापड गिरणीतला दिवस बारा तासांपेक्षा मोठा नसावा, हे कायद्यात यायला १९११ उजाडलं.

काळही पाहायला हवा. ऑक्टोबर १९०५ मध्ये बंगालची फाळणी झाली होती, स्वदेशीची हवा होती. वरून आलेली कुठलीही गोष्ट लोकांना संशयाची वाटत होती, मग ते घड्याळ का असेना. फिरोजशहा मेहतांचा दबदबा असलेल्या महापालिकेनं आपली घड्याळं मुंबईच्याच वेळेवर ठेवायचं ठरवलं. त्यानंतर चाळीसहून जास्त वर्षं या शहरात दोन वेळा एकत्र नांदल्या. रेल्वे, तार आणि सरकारी कचेऱ्या एका वेळेवर, महापालिका आणि कितीतरी घरं दुसऱ्या. आमच्याकडच्या एका जुन्या लग्नपत्रिकेत मुहूर्तापुढे 'स्टँ. टा.' असं छापलंय. लहानपणी मला ते कुणाचं तरी आडनाव वाटायचं. तो 'स्टँडर्ड टाइम' होता. कुठली वेळ, हे सांगितल्याशिवाय वऱ्हाड वेळेवर आलंच नसतं. महापालिकेनं आपला हट्ट सोडला तो स्वातंत्र्यानंतर, १९५० च्या सुमारास.

हवेतलं घड्याळ

पण कामगाराच्या हातावर घड्याळ होतं कुठे? त्याच्यापर्यंत वेळ पोचायची ती कानातून.

फोर्टात राजाबाई टॉवर होता. प्रेमचंद रायचंद यांनी दिलेल्या दोन लाख रुपयांतून, त्यांच्या आईच्या नावानं, १८७८ मध्ये पुरा झालेला. त्याच्या घंटांवर सोळा धून वाजत, त्यांत 'गॉड सेव्ह द किंग'सुद्धा. गिरणगावात धून नव्हती, भोंगा होता. बॉयलरची वाफ एका अरुंद फटीतून जोरात सोडायची आणि ती नळीच्या कडेवर आपटून हवा थरथरवायची. बाटलीच्या तोंडावर फुंकर मारल्यावर जे होतं तेच, फक्त राक्षसी. नळी लांब असेल तर आवाज जाड, आखूड असेल तर बारीक. त्यामुळे गिरणी-गिरणीचा भोंगा वेगळा. आजी सांगते की चाळीतली पोरंसुद्धा आवाजावरून गिरणी ओळखायची.

इंजिनियर म्हणून मला ही यंत्रणा चोख वाटते. आवाज सेकंदाला साधारण ३४० मीटर जातो. किलोमीटरभर लांबच्या खोलीत भोंगा तीन सेकंद उशिरा पोचणार, म्हणजे हजारो लोकांची घड्याळं एका फटक्यात तीन सेकंदांच्या आत जुळली. वायर नाही, बॅटरी नाही, फुकट. पण त्याच यंत्रणेत एक खोट आहे. ही वेळ एकाच बाजूनं येते आणि ऐकणाऱ्याला ती तपासता येत नाही. इंग्लंडमधल्या गिरण्यांत मालक घड्याळं सकाळी पुढे आणि संध्याकाळी मागे कशी करत, याबद्दल ई. पी. थॉम्पसन या इतिहासकारानं १९६७ च्या आपल्या गाजलेल्या निबंधात लिहिलंय. भोंग्याची दोरी ज्याच्या हातात, त्याच्याच हातात वेळ.

भोंग्यावर सगळा गिरणगाव बेतलेला होता. आजोबांच्या काळात तीन पाळ्या होत्या. पहिली सात ते साडेतीन, दुसरी साडेतीन ते बारा, तिसरी बारा ते सात. दहा बाय बाराच्या खोलीत पाळीप्रमाणे माणसं झोपायची, एक उठला की त्याच्या वळकटीवर दुसरा. खानावळवाल्या बायकांचे डबे पाळीवर निघायचे. नळाचं पाणी, भजनाची वेळ, भारतमाताचा शेवटचा खेळ, सगळं पाळी धरून. 'किती वाजले?' यापेक्षा 'कितवा भोंगा झाला?' हा प्रश्न जास्त कामाचा होता.

आजी म्हणते, "अगं, घड्याळ भिंतीवर होतं, पण ते पाहुण्यांसाठी. मला कळायचं ते भोंग्यानंच."

घंटा काढल्या की

आवाजावर उभी असलेली वेळ आवाजानंच मोडता येते, हे फ्रेंच क्रांतिकारकांना नीट कळलं होतं. १७९३ मध्ये त्यांनी जुनं कॅलेंडर रद्द करून नवं आणलं. त्यात सात दिवसांचा आठवडा नव्हता, दहा दिवसांचा होता. पण शेतकऱ्याला रविवार कॅलेंडर बघून कळत नव्हता, चर्चच्या घंटेनं कळत होता. म्हणून घंटा वाजवण्यावर बंधनं आली आणि हजारो घंटा उतरवून वितळवल्या गेल्या, त्यांच्या तोफा आणि नाणी झाली. तरी लोक रविवार विसरले नाहीत. दहाव्या दिवसाच्या सुट्टीला कुणी भुललं नाही, कारण त्यात सुट्ट्या कमी पडत होत्या. ते कॅलेंडर शेवटी १ जानेवारी १८०६ ला मोडीत निघालं. भारतात प्रमाणवेळ लागू झाली, त्याच्या बरोबर शंभर वर्षं आधी.

यातून मला एक गोष्ट दिसते. घंटा उतरवून वेळ मोडत नाही. घंटेला उत्तर देणारी माणसं ठरवतात, ती टिकते की मोडते.

मुंबईच्या कामगारांनी हे बऱ्याचदा करून दाखवलं. जुलै १९०८ मध्ये टिळकांना सहा वर्षांची शिक्षा झाली, तेव्हा गिरण्या सहा दिवस बंद राहिल्या, वर्षाला एक दिवस. इथे शिक्षेचं मोजमाप कामगारांनी आपल्या वेळेत करून दाखवलं. १९२८ मध्ये संप सहा महिन्यांच्या आसपास चालला, त्यातून गिरणी कामगार युनियन उभी राहिली. संप म्हणजे काय, तर भोंग्याला उत्तर न देणं.

वाजला, पण कुणी हललं नाही

१८ जानेवारी १९८२ ला दत्ता सामंतांच्या नेतृत्वाखाली जो संप सुरू झाला, त्यात साठेक गिरण्या आणि सुमारे अडीच लाख कामगार होते. पगारवाढ हवी होती, बदली कामगारांना कायम करायचं होतं, आणि ज्या एकाच संघटनेला कायद्यानं बोलायचा हक्क होता ती कामगारांना नको होती. तो संप कधीच रीतसर मागे घेतला गेला नाही. कागदावर तो आजही चालू आहे, असं जुने कामगार हसत म्हणतात. हसून झाल्यावर बराच वेळ कुणी बोलत नाही.

आजोबा तेव्हा बेचाळीस वर्षांचे. आजीला त्या दिवसांतलं सर्वांत जास्त काय आठवतं, हे मी तिला विचारलं. मला वाटलं, ती शांतता म्हणेल. ती म्हणाली, "भोंगा वाजायचा गं. पहिले काही दिवस वाजायचाच. आणि हे अंथरुणात डोळे उघडे ठेवून पडून राहायचे. उठायचे नाहीत. मला वाटायचं, जावं ह्यांनी. आणि वाटायचं, नकोच जाऊ दे."

वेळ मोडताना अशी ऐकू येते, असं मला वाटतं. भोंगा तोच आणि तेवढाच मोठा, फक्त त्याच्यामागे चपलांचा आवाज नाही.

पुढे भोंगाही थांबला. आणि इथे १९०८ किंवा १९२८ पेक्षा वेगळं घडलं. त्या संपांनंतर वेळ पुन्हा जुळली होती, या वेळी ती जुळलीच नाही. कापड भिवंडी आणि इतर गावांतल्या यंत्रमागांवर विणलं जाऊ लागलं होतं. मालकांना साच्यांपेक्षा खालच्या जमिनीत जास्त पैसा दिसू लागला. १९९१ च्या विकास नियमावलीनं गिरण्यांच्या जमिनी वापरायला वाट दिली आणि २००१ मध्ये ती वाट मोठी झाली. कामगारांनी मालकाची वेळ मोडली, पण तिच्या जागी स्वतःची उभी करायला त्यांना जागाच उरली नाही. कामगारांना वाकवण्यासाठी मालकाला आता भोंग्याची गरज नव्हती. भोंगा बंद ठेवला, तरी पुरत होतं.

आजोबा दोन वर्षं गावी राहिले, मग परत आले आणि एका सोसायटीत वॉचमन झाले. ड्यूटी रात्रीची. तरी सुट्टीच्या दिवशी साडेपाचला उठून अंथरुणात बसायचे. मी लहान असताना विचारलं होतं, आजोबा, एवढ्या लवकर का उठता? ते म्हणाले, "सवय." आता कळतं की एका गिरणीचं पाऊण शतकाचं वेळापत्रक शेवटी एका माणसाच्या झोपेत उरलं होतं.

तिकीट बंद

ज्या जेकब ससून मिलवर १९०६ मध्ये दगड पडले, ती पुढे इंडिया युनायटेड मिल क्रमांक एक म्हणून ओळखली गेली. लालबागला भारतमाता सिनेमाजवळून जाताना मी आता जरा थांबते. तिथे त्या ३९ मिनिटांची खूण सांगणारी पाटी मला कुठे दिसलेली नाही.

माझं ऑफिसही एका वेळेवर चालतं. संध्याकाळी सातला अमेरिकेतल्या टीमबरोबर कॉल, रात्री अकराला कधी सर्व्हर पडला म्हणून फोन. कामाचा दिवस कुठे संपतो, हे सांगायला सूर्यही नाही आणि साडेतीनचा भोंगाही नाही. आमचा भोंगा खिशात थरथरतो आणि तो ज्याचा त्यालाच ऐकू येतो. गिरणगावचा भोंगा सगळ्यांना एकदम ऐकू यायचा, म्हणून तर एके दिवशी सगळ्यांना एकदम न उठता आलं. मी माझ्या नोटिफिकेशनला उत्तर दिलं नाही, तर तो संप होत नाही, नुसता मिस्ड कॉल होतो. आजोबांचे दिवस बरे होते, असं मी म्हणणार नाही. सांचेखात्यात सगळं आयुष्य उभ्यानं काढलेल्या माणसाच्या नातीनं ते म्हणूही नये. पण त्यांना एक माहीत होतं, की हा आवाज ऐकणारे आपण किती जण आहोत.

त्या बगचं मी काय केलं? कोशात मुंबई नाही, म्हणून आमच्या प्रोग्राममध्ये एक अपवाद लिहिला : नोंद मुंबईतल्या घरची असेल आणि तारीख १९०६ च्या आधीची असेल, तर ४ तास ५१ मिनिटं धर. रिव्ह्यू करणाऱ्यानं विचारलं, याची खरंच गरज आहे का, असे रेकॉर्ड आहेत किती? मी म्हटलं, अकरा. त्यानं मान्यता दिली. ते बाळ आता पुन्हा साडेसहाला जन्मलेलं दिसतं, वहीत लिहिलं होतं तसंच.

घरी येऊन आजीला सांगितलं, तेव्हा तिनं एवढंच विचारलं, "म्हणजे पहिल्या भोंग्याच्या वेळेला झालं ते?"

मी हो म्हटलं.